गुरुवारचा ओव्हरटाइम

सगळ्या जगाचा रविवार असतो, आमचा गुरुवार. भोसरी-पिंपरीपासून चाकणपर्यंतच्या बहुतेक कंपन्या गुरुवारी बंद असतात, त्यामुळे आमच्याकडची बारशी, साखरपुडे, वास्तुशांती सगळं गुरुवारी उरकून घेतात. मुली बघायचे कार्यक्रमसुद्धा. पंचांग काही का म्हणेना, नवरामुलगा आणि त्याचे मेहुणे कंपनीत असतील तर मुहूर्त गुरुवारचाच. अशाच एका गुरुवारी माझं बघणं होतं, आणि मी आईला फोनवर सांगितलं, "मला नाही जमणार यायला. ओव्हरटाइम लावलाय. कंपल्सरी आहे." ते खोटं होतं. त्या खोट्यानं माझं काहीच वाकडं झालं नाही. जे व्हायचं ते माझ्या धाकट्या बहिणीचं झालं.

आमचं गाव चाकणच्या वरच्या अंगाला, डोंगराच्या पायथ्याशी. घरात आई, आप्पा, आम्ही दोघी बहिणी आणि गोठ्यात चार जनावरं. भाऊ नाही. भाऊ नसलेल्या घरातल्या थोरल्या मुलीला लहानपणापासून एक गोष्ट न सांगता कळते, की आपण लांब जायचं नाही. लग्न झालं तरी हाकेच्या अंतरावर. आईबापाला ताप आला तर तासाभरात पोचता आलं पाहिजे. हे कुणी कधी मला बसवून सांगितलं नाही, पण आत्या, मावश्या, शेजारच्या बायका, सगळ्या मला बघून एवढंच म्हणायच्या, "थोरली हाय, समजूतदार हाय." समजूतदार म्हटलं की मला अजूनही राग येतो.

बारावीनंतर मी चाकणच्या एका कंपनीत लागले. गाडीच्या आत वायरींचे जुडगे असतात, ते आम्ही बांधायचो. समोर मोठा बोर्ड असतो, त्यावर खिळ्यांमधून वायरी ओढायच्या, टोकाला कनेक्टर बसवायचे, वरून काळी टेप गुंडाळायची, की बोर्ड पुढे सरकतो आणि दुसरा समोर येतो. लाइनवर सगळ्या बायका. पहिल्या महिन्यात टेपेनं बोटांची सालं निघाली, मग बोटं निबर झाली आणि माझा हात इतका चालायला लागला की सुपरवायझर नव्या पोरींना माझ्याशेजारी उभं करायला लागला. मला ते फार आवडायचं. घरी मी कितीही चांगली भाकरी थापली तरी शेजारी कुणाला उभं केलं नव्हतं.

भावकीतल्या एका काकांनी आप्पांना विचारलं होतं, "पोरीला कंपनीत घालणार का आता?" आप्पा म्हणाले, "मी कशाला घालतोय? ती जातीय." एवढंच बोलून ते वैरण टाकायला निघून गेले. माझ्या आप्पांनी मला आयुष्यात कशालाच नाही म्हटलं नाही. म्हणून मलाही त्यांना नाही म्हणता यायचं नाही. बाकी कुणाशीही मी दोन हात करू शकते. लाइनवर माझ्या तोंडाला लागायच्या भानगडीत कुणी पडत नाही. पण आप्पांसमोर माझी जीभ टाळ्याला चिकटते.

सुरुवातीला मी गावाच्या फाट्यावरून कंपनीची बस पकडायची. पुढे दुसरी शिफ्ट लागायला लागली, मग लाइनवरच्या दोघींबरोबर काळेवाडीत खोली घेतली. दहा बाय बाराची खोली, खाली किराणा दुकान, शेजारी गिरणी, दिवसभर पिठाचा वास. पण दाराची किल्ली माझ्याकडे होती. गुरुवारी नऊ वाजेपर्यंत झोपलं तरी अंगावरचं पांघरूण ओढून हातात खराटा देणारं कुणी नव्हतं. आधी दर गुरुवारी मी घरी जायची. मग गुरुवाराआड. मग कधी खरंच ओव्हरटाइम लागला, आणि माझ्या लक्षात आलं की 'ओव्हरटाइम' हा शब्द ऐकला की आई पुढे काही विचारत नाही. त्यानंतर तो जरा जास्तच लागायला लागला.

मी घरी नसले की माझी कामं धाकटीकडे जायची. ती माझ्याहून चार वर्षांनी लहान, बारावी सायन्सला. मध्ये टायफॉइडनं एक वर्ष गेलं होतं म्हणून मागे पडलेली. तिला नर्स व्हायचं होतं. हे आमच्याकडे कुणाला नवल नव्हतं. वाडीत जनावरांचे डॉक्टर आले की ही दप्तर टाकून त्यांच्या मागे, वासराचं डोकं धरायला. कुणाचा हात कापला, पाय मुरगळला की माणसं हिलाच हाक मारायची. मला साधी फुटलेली नखंसुद्धा बघवत नाहीत. ती मात्र जखम बघून पुढे सरकायची. पहाटे धारा काढून, डेअरीत दूध घालून, मग दोन गाड्या बदलून कॉलेज. तिनं मला एकदाही विचारलं नाही, "ताई, खरंच ओव्हरटाइम आहे का गं?" तिला विचारायची गरज नसावी.

मी बावीस पूर्ण केली त्या वर्षी ते स्थळ आलं. चाकणच्या पलीकडचं गाव, घरची शेती, मुलगा एका कंपनीत स्टोअरला. आईला सगळ्यात जास्त काय आवडलं असेल तर अंतर. "मोटरसायकलवर अर्धा तास," ती मला तीनदा म्हणाली. फक्त एक होतं. सासूला साखरेचा आजार होता, जनावरं होती, आणि घरी माणूस लागणार होतं. म्हणजे नोकरी नको. हे त्यांनी आडपडदा न ठेवता सांगितलं होतं, त्यांची काही चूक नाही. इकडे जानेवारीत माझी पर्मनंट व्हायची मुलाखत होती. दोन वर्षं मी त्या मुलाखतीसाठी हाताची कातडी घालवली होती.

सरळ सांगायला पाहिजे होतं, "मला हे स्थळ नको." चार शब्द. पण आप्पा फोनवर म्हणाले, "तुझी सुट्टी बघूनच गुरुवार ठरवलाय, ये मग," आणि मी म्हणाले, "बरं." बुधवारी दुपारी मी आईला फोन करून ओव्हरटाइमचं सांगितलं. माझा हिशेब साधा होता. पाहुणे येतील, मुलगी नाही म्हटल्यावर चिडतील, उठून जातील, स्थळ आपोआप मोडेल. सुंठीवाचून खोकला गेला. नाही म्हटल्याचं पाप माझ्या डोक्यावर नको, बिल कंपनीच्या नावावर फाडावं, एवढं माझं डोकं.

आणि ते डोकं एक गोष्ट विसरलं, जी या पट्ट्यातलं शेंबडं पोरही विसरत नाही. ज्या मोठ्या गाडी-कंपनीला आम्ही माल द्यायचो, ती वर्षाच्या शेवटी काही दिवस मशिनं दुरुस्तीला बंद ठेवते. शटडाऊन. ती बंद झाली की तिला माल देणाऱ्या आजूबाजूच्या सगळ्या लहान कंपन्या बंद. त्या वर्षी शटडाऊन बुधवार ते रविवार होता. मी घरी ते सांगितलंच नव्हतं, कारण पाच दिवस मला माझ्यासाठी पाहिजे होते. आई-आप्पांना काय कळणार, असं मला वाटलं. त्यांना नसतंच कळलं. पण येणारा मुलगाही याच पट्ट्यात कामाला होता, हे माझ्या ध्यानातच आलं नाही.

तो गुरुवार माझा फार छान गेला, हे कबूल करायलाच पाहिजे. सकाळी डोक्यावरून न्हाले. खोलीतली एक मैत्रीण आणि मी पिंपरी बाजारात गेलो, मिसळ खाल्ली, मी टाचेच्या सँडल घेतल्या, लाल. तिनं विचारलं, "कुठं घालणार?" मी म्हटलं, "नाही घालणार, नुसत्या ठेवीन." आम्ही इतक्या हसलो की दुकानदारही हसला. मधूनमधून गावची आठवण येत होती, पण चपलेत खडा असावा एवढीच. चार वाजता मी घड्याळ बघून मनात म्हटलं, गेले असतील आता.

शुक्रवारी सकाळी आईचा फोन आला. तिच्या आवाजात राग नव्हता, उलट घाई होती. "धाकटीला पसंत केलंय पाव्हण्यांनी."

"म्हणजे?"

"म्हंजे काय म्हंजे? तू न्हाईस, आन् पाव्हणं दारात. हिलाच दावली. रविवारी सुपारी फोडायला येत्यात."

मी मिळेल त्या गाडीनं घरी गेले. आईनं मला दारात बघितलं, पण आज कामावर कशी नाहीस, असं विचारलं नाही. म्हणजे सगळं कळलं होतं. खाई त्याला खवखवे म्हणतात, तशी मी उगाच म्हणाले, "आज सुट्टी दिली अचानक." आई चूल सारवत होती. तिनं मान वर केली नाही.

धाकटी आत भांडी लावत होती. काय झालं ते तिनंच मला सांगितलं, अगदी साध्या आवाजात, दुसऱ्या कुणाची गोष्ट सांगावी तसं. "सात जण आले होते. आईनं पोहे टाकले होते. त्यांचे मामा म्हणाले, मुलीला बोलवा. आप्पा म्हणाले, पोरगी कंपनीत अडकलीय, ओव्हरटाइम लागलाय, सांजंपतोर येईल. तर तो मुलगाच म्हणाला... ताई, त्याला काही वाईट करायचं नव्हतं, सहज गेलं त्याच्या तोंडून. म्हणाला, पण त्यांची कंपनी तर रविवारपर्यंत बंद आहे, आमचीपण बंद आहे."

"मग?"

"मग काय, त्यांचे मामा आप्पांच्या तोंडाकडे बघत बसले. आप्पा सतरंजीकडे. मला नाही बघवलं. मी चहाचा ट्रे उचलला आणि गेले बाहेर."

"तुला कुणी सांगितलं होतं?"

"कुणी नाही." तिनं हातातलं ताट मांडणीत ठेवलं. "आईनं ओढणी तेवढी नीट केली माझी, दारात."

ती बाहेर गेली, चहा दिला, समोर बसली, मामांनी विचारलं तेवढं सांगितलं. कितवीला, काय येतं, जनावरांचं जमतं का. आणि नेमका तिथंच मुलाच्या आईला, म्हणजे होणाऱ्या सासूबाईंना घाम फुटला, साखर उतरली. बाकीचे सगळे हबकले. ही उठली, गूळ आणला, पाण्यात कालवून त्यांना पाजला, हात धरून शेजारी बसली. पाचव्या मिनिटाला त्या बाईंनी डोळे उघडले आणि म्हणाल्या, "मला हीच पोरगी द्या." ज्या गोष्टीसाठी तिला शिकायचं होतं, तीच गोष्ट तिथं तिला नडली. हे ऐकताना मला आईचा राग आला, पाहुण्यांचा आला, त्या मुलाच्या भोचकपणाचा आला. स्वतःचा यायला बराच वेळ लागला.

आप्पा गोठ्यात होते. मी तिथं जाऊन उभी राहिले. ते म्हशीच्या पाठीवरून हात फिरवत होते, फिरवतच राहिले. मग म्हणाले, "तुला नको व्हतं तर तसं सांगायचं ना पोरी. मी काय धरून-बांधून देणार व्हतो?" एवढंच. ओरडले असते तर मी उलट ओरडले असते, मला ते जमतं. माझं खोटं त्यांनी खरं समजून सात माणसांसमोर सांगितलं होतं, आणि त्याबद्दल ते एक अक्षर बोलले नाहीत. मी खाली बसले आणि शेण भरायला लागले.

आता जे लिहायचं आहे ते लिहायला हात धजत नाही. शुक्रवार ते रविवार, पूर्ण दोन दिवस माझ्याकडे होते. पाहुणे मुळात मला बघायला येणार होते. मी आप्पांना म्हणू शकले असते, "मी करते हे लग्न. तिला शिकू द्या." किंवा म्हणू शकले असते, "दोघींपैकी कुणीच नाही, मोडा हे." मी थोरली होते, कमावती होते, माझं त्यांनी ऐकलं असतं. ही दोन्ही वाक्यं माझ्या तोंडात तयार होती. मी धारा काढल्या, अंगण सारवलं, शेंगा सोलल्या, आईशी भांडले, ती दोन वाक्यं सोडून सगळं बोलले. पहिलं वाक्य म्हटलं असतं तर जानेवारीतली मुलाखत गेली असती. दुसरं म्हटलं असतं तर आप्पांच्या डोळ्याला डोळा द्यावा लागला असता.

शनिवारी दुपारी मी धाकटीला विचारलं, "तुला चालेल ना गं?" विचारतानाच मला कळत होतं की हा प्रश्न मी तिच्यासाठी विचारत नाहीये. ती पुस्तकाला कव्हर घालत होती. म्हणाली, "चालेल की. मुलगा बरा वाटला." मी ते 'चालेल' असं घट्ट धरलं की आजवर सोडलं नाही. कुणी विषय काढला की मी म्हणते, तिला विचारलं होतं मी, ती हो म्हणाली होती. रविवारी सुपारी फुटली. मी लाडू वाढले.

जानेवारीत मुलाखतीत साहेबांनी विचारलं, घरची काही जबाबदारी? लग्नाचं वगैरे? मी म्हटलं, "नाही सर. बहिणीचं ठरलंय, तिला जवळच देतोय. आईवडिलांचं ती बघेल." मला पर्मनंट केलं.

तिनं परीक्षा दिली, मे महिन्यात लग्न झालं, निकाल सासरी असताना लागला. चांगले मार्क होते. नर्सिंगचा फॉर्म भरायचा प्रश्नच नव्हता. तो मुलगा, म्हणजे आमचे पाहुणे, माणूस चांगला आहे, हीच माझी पंचाईत आहे. वाईट असता तर मी पदर खोचून भांडायला गेले असते, तिला घेऊन आले असते, थोडी तरी सुटले असते. तिच्या सासूला दिवसातून दोनदा इन्सुलिन ती देते. आळीतल्या बायका बीपी बघायला तिच्याकडेच येतात. आई हसून म्हणते, "झाली की नर्स, शिकायचं काय राह्यलं?" आईच्या त्या विनोदावर सगळे हसतात. मी चहा करायला उठते.

माझं म्हणाल तर मजेत चाललं. मी आधी क्वालिटीला गेले, मग लाइन लीडर झाले. काळेवाडी सोडून पुनावळ्यात भाड्यानं छोटा फ्लॅट घेतला, एकटीसाठी. नवव्या मजल्यावर, बाल्कनीतून हायवे दिसतो. स्थळं यायची बंद झाली. आप्पा एकदाच म्हणाले, "तुझं तू बघ," आणि त्यात टोमणा नव्हता, हे मला माहीत आहे. त्यांच्या डोळ्याचं ऑपरेशन झालं तेव्हा दवाखान्यात धाकटी होती. आईचा पाय मोडला तेव्हा धाकटी होती. मी गुरुवारी जायची, फळं घेऊन, पाहुण्यासारखी. आल्यावर आई माझ्यासाठी खुर्ची पुसायची. आपल्याच घरात कुणी आपल्यासाठी खुर्ची पुसली की काय वाटतं, ते ज्याचं त्यालाच कळतं.

लग्नाला सहा वर्षं झाली आणि गेल्या वर्षी धाकटी माझ्याकडे आली, चार वर्षांच्या मुलीला घेऊन. एरवी ती कधी येत नाही, घरातून निघणं होत नाही तिचं. बरोबर घरचे तांदूळ, घेवड्याच्या शेंगा. मुलगी बाल्कनीत गाड्या मोजत बसली. धाकटीनं सगळा फ्लॅट फिरून बघितला, ओट्यावरून हात फिरवला, म्हणाली, "किती नीट ठेवतेस गं ताई." मी चहा टाकला. चहा पिताना ती बोलायला लागली. सासरी राहून तिची भाषा आता आईसारखी झाली आहे.

"ताथवड्याला नर्सिंगचं कॉलेज हाय. तीन वर्षांचं. लग्न झालेल्या बायकापण घेत्यात. मी फॉर्म भरला व्हता, यादीत नाव आलंय." ती खाली कपाकडे बघून बोलत होती. "सोमवार ते शुक्रवार तुझ्याकडं राहिले तर? हिला इथंच बालवाडीत घालीन. तू कामावर असशील तवा मी, मी नसंन तवा तू, असं काहीतरी बसवू. शनवार-रविवार घरी जाईन. जमंल का गं?"

मी लगेच हो म्हणायला पाहिजे होतं. सहा वर्षं मी याच क्षणाची वाट बघत होते, असं मी स्वतःला सांगत आले होते. कधीतरी ती काहीतरी मागेल आणि मी देईन, फिट्टंफाट होईल. आणि ती मागत होती, तेव्हा मी काय केलं? मी गप्प बसले. फार वेळ नाही, चहाचा घोट गिळायला लागतो तेवढाच. तेवढ्या वेळात मला पुढचं सगळं दिसलं, ओट्यावर दुधाचे पेले, सोफ्यावर खेळणी, गुरुवारी सकाळी सात वाजता कार्टूनचा आवाज, माझ्या शिफ्ट, बालवाडीतून पोरीला कोण आणणार, तीन वर्षं. तीन वर्षं म्हणजे किती, हे मी बोटांवर मोजल्यासारखं मनात मोजलं.

ती जखम बघणारी पोरगी आहे. तिनं मान वर केली आणि माझ्या तोंडावर जे होतं ते बघितलं.

"न्हाई गं," ती हसली, "मी आपलं सहज विचारलं."

"अगं, ये ना! विचारतेस काय? तुझंच घर आहे!" मी म्हणाले. मोठ्यानं म्हणाले, दोनदा म्हणाले. बैल गेला आणि झोपा केला. तिनं कप उचलले, विसळले, पालथे घातले, ओटा पुसला, मी जसा ठेवते तसाच. मुलीच्या केसांना पिना लावल्या. "बघू," म्हणाली. तिला पाचच्या आत घरी पोचायचं होतं, सासूचं इंजेक्शन होतं.

मी खाली रिक्षापर्यंत सोडायला गेले. रिक्षा गेल्यावर ठरवलं की उद्याच फोन करायचा, ठासून सांगायचं, ये म्हणून. दुसऱ्या दिवशी लाइनवर माल कमी पडला, गडबड होती. तिसऱ्या दिवशी वाटलं, तिचा विचार झाला की तीच करेल. आठवडा गेला, दुसरा गेला. तिचा फोन आला नाही. आणि खरं सांगायचं तर मला बरं वाटलं. लिहितानाही लाज वाटते, पण वाटलं ते वाटलं. घरात शिरून दार लावलं, सगळं जागच्या जागी बघितलं आणि मला बरं वाटलं.

मग आईचा फोन आला. आवाज चढलेला होता. "तुला ठावं हाय का तुझ्या बहिणीनं काय केलं?"

आईनं सांगितलं ते असं. चार महिने धाकटी सासरी हट्टाला पेटली होती. सासू दोन महिने तिच्याशी धड बोलली नव्हती. नवरा तिच्या बाजूनं उभा राहिला, त्यानं स्वतःच्या आईला समजावलं, म्हशी कमी केल्या, इंजेक्शन द्यायला स्वतः शिकला. शेवटी सासू कबूल झाली, पण एका अटीवर. होस्टेल नाही, भाड्याची खोली नाही. सख्ख्या बहिणीकडे राहणार असेल तर जा. "तिला ते बी चाललं," आई म्हणाली, "म्हणली ताई कशाला न्हाई म्हणतीय." सगळं जुळून आलं होतं. फक्त मला विचारायचं राहिलं होतं, आणि माझ्याकडून ती घरी गेली ती एकदम शांत होऊन गेली.

"आन् काल कालिजात नाव घालायची शेवटची तारीख. गेलीच न्हाई ही! नवऱ्यानं गाडी काढली व्हती सकाळी. म्हणली, मलाच न्हाई झेपायचं आता, एवढ्या वर्सांनी अभ्यास व्हायचा न्हाई माझ्याच्यानं. सासू आता गावभर सांगतीय, आमी कुठं अडवलं, हिनंच माघार घेतली."

"माझं काही बोलली का ती?" मी विचारलं.

"तुझं काय बोलायचं? ती म्हणली, ताई तर ये म्हणत व्हती. दोनदा म्हणली म्हणं तू." आईनं सुस्कारा टाकला. "तुला सांगते, तुझ्यासारखी जिद्द न्हाई बघ तिच्यात. पहिल्यापास्नं न्हाई. व्हय का न्हाई?"

मी बाल्कनीत उभी होते. आई उत्तराची वाट बघत होती, फोनमधून तिच्यामागे म्हशीचं हंबरणं ऐकू येत होतं.

"हो," मी म्हणाले. "नाहीच तिच्यात."